पाणी न उपसता गळती कशी थांबवायची? विंचेस्टर ते लोणी भापकर

आजचा भाग सुरू होतो आमच्या सोसायटीच्या स्विमिंग पूलपासून. पूल गळत होता. ठेकेदाराने ऐन पावसाळ्यात सगळं पाणी उपसलं आणि आठवडाभरात तळाच्या फरशा फुगून वर आल्या. कारण सोपं आहे. पावसाळ्यात जमिनीतलं पाणी तळाला खालून वर ढकलतं, आणि आतल्या पाण्याचं वजन त्याला दाबून धरतं. आपण ते वजनच काढून टाकलं!

खरं तर आधी बादलीचा प्रयोग करायचा. पूलच्या पायरीवर भरलेली बादली ठेवून बादलीत आणि पूलमध्ये पाण्याच्या पातळीची खूण करायची. २४ तासांनी दोन्हीकडे सारखंच उतरलं तर बाष्पीभवन, पूलमध्ये जास्त उतरलं तर गळती. मग पंप बंद करून भेगेजवळ थोडा रंग सोडायचा. रंग आत ओढला गेला की चोर सापडला. तिथे पाण्याखालीच घट्ट होणारी इपॉक्सी पुट्टी भरायची.

हा धडा जुना आहे. इंग्लंडमधलं विंचेस्टर कॅथेड्रल खचत होतं. पायाखाली पाणी, आणि ते उपसलं तर इमारतच धोक्यात. म्हणून १९०६ ते १९११ विल्यम वॉकर हा पाणबुड्या गढूळ अंधारात उतरून काँक्रीटच्या गोण्या रचत राहिला. तळ बंद झाल्यावरच पाणी उपसलं.

आता बारामतीच्या जिरायती भागात येऊ. लोणी भापकरला मल्लिकार्जुन मंदिरासमोर यादवकालीन मानली जाणारी दगडी पुष्करणी आहे. पायऱ्या, भिंतींत देवकोष्ठं, बघतच राहाल. पण अशा बारवा आणि कुंडांचं गणित पूलच्या उलट असतं. पूलचं पाणी बाहेर जायला नको, इथे मात्र भूजल दगडांच्या सांध्यांतून आत यायला हवं. म्हणजे ही 'गळती'च तिचा झरा!

म्हणून जुनी बारव स्वच्छ करताना सांधे सिमेंटने लिंपले की दोन घोळ होतात. झरे बुजतात, आणि भिंतीमागे अडलेलं पाणी दगडांना आत ढकलायला लागतं. भिंत फुगते, कधी ढासळते.

तुमच्या गावात बारव असेल तर गाळ काढा, झुडपं काढा. पण सिमेंटचं पोतं फोडण्याआधी जुन्या बांधकामाच्या जाणकाराला विचारा: इथे पाणी जातंय की येतंय?

भेटू पुढच्या भागात!