तडजोडीचा हुकूमनामा : सही करण्याआधी काय बघायचं

गास-सोपारा पट्ट्यात वाडीच्या जमिनीला भाव आला, तसे भावंडांमधले वाटपाचे दावेही वसईच्या कोर्टात जाऊ लागले. तारखांवर तारखा पडतात. मग घरातलं कुणी मोठं किंवा जमातीतले चार जण मध्ये पडतात आणि मिटतं. दीनमध्ये सुलहला मोठा दर्जा आहे, त्यामुळे मिटलं तर आम्हाला आनंदच आहे. प्रश्न पुढचा आहे : मिटलं ते कागदावर कसं आलं?

नुसत्या शब्दावर दावा मागे घेतला, तर हातात काही उरत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३, नियम ३ प्रमाणे तडजोड लेखी हवी, पक्षकारांच्या सह्या हव्यात आणि ती कायदेशीर असल्याची कोर्टाची खात्री पटायला हवी. मग कोर्ट त्याप्रमाणे हुकूमनामा करतं. समोरच्याने शब्द पाळला नाही तर नवा दावा लागत नाही, त्याच हुकूमनाम्यावर दरखास्त लावता येते. पैसे किंवा ताबा मिळण्यासाठी त्याची मुदत १२ वर्षं.

समजा, अब्बांच्या मागे ४० गुंठे वाडी आहे आणि वारस आहेत अम्मी, दोन भाऊ, एक बहीण. कर्ज आणि वसीयत नसेल तर अम्मीचे ५ गुंठे, प्रत्येक भावाचे १४, बहिणीचे ७. बहिणीने जमिनीऐवजी रक्कम घेतली तरी चालतं, शरीयतमध्येही त्याला वाट आहे. पण रक्कम किती, कोणत्या तारखेला, चुकली तर काय, हे तडजोडनाम्यात आलंच पाहिजे. “बहिणीने राजीखुशीने हक्क सोडला” एवढं एकच वाक्य असेल, तर तिने सही करण्याआधी ते कुणाकडून तरी नीट वाचून घ्यावं. माहेर तुटेल या भीतीने केलेल्या सहीला राजीखुशी म्हणायला आम्ही तयार नाही.

कारण नंतर रस्ते फार थोडे उरतात. कलम ९६(३) प्रमाणे संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही. तडजोड बेकायदा होती म्हणून वेगळा दावाही लावता येत नाही (नियम ३-अ). ज्या कोर्टाने हुकूमनामा केला तिथेच जाऊन फसवणूक झाली किंवा तडजोड झालीच नव्हती हे दाखवावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये पुष्पा देवी भगत प्रकरणात हेच सांगितलं. वकीलपत्रही वाचा : त्यात तडजोडीचा अधिकार दिलेला असेल, तर तुमच्या वतीने वकिलाची सही चालू शकते.

सही कोण करतंय हेही तितकंच महत्त्वाचं. एखादा वारस दाव्यात पक्षकारच नसेल, तर तो त्या हुकूमनाम्याने बांधला जात नाही. यतीम, अज्ञान मुलाच्या वतीने पालकाने तडजोड करायची तर कोर्टाची परवानगी घ्यावी लागते, नाहीतर मुलाला ती रद्द करून घेता येते. वक्फच्या मालकीच्या वादात मुतवल्लीला एकट्याने तडजोड करता येत नाही, वक्फ कायद्याच्या कलम ९३ खाली बोर्डाची मंजुरी लागते. मथुरेच्या शाही ईदगाहचा १९६८ चा समझोता आज पुन्हा कोर्टात आहे, तो याच मुद्द्यावर : ज्या संस्थेने सही केली तिला अधिकार होता का, असा दावेदारांचा सवाल आहे.

एक खर्चाची गोष्ट. दाव्यात असलेल्याच जमिनीपुरता हुकूमनामा असेल तर सहसा नोंदणी लागत नाही. दाव्याबाहेरची दुसरी जमीन त्यात घातली, तर लागते. वाटपाच्या हुकूमनाम्यावर मुद्रांक शुल्कही येतं, ते वकिलांना आधीच विचारा.

लोक अदालतीत मिटवलं तर भरलेली कोर्ट फी परत मिळते. तिथला निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो आणि त्यावरही अपील नाही. दोन्ही ठिकाणी प्रमाणित नक्कल मागून घ्या, आणि बहिणीची नक्कल बहिणीकडेच राहू द्या. सातबाऱ्यावर फेरफार घालायला तीच लागते.