मातीच्या बाहुल्यांची साक्ष : रिथी पान्ह आणि कंबोडियाची स्मृती

१/ एखाद्या कालखंडाच्या चित्रफिती उपलब्ध आहेत. पण त्या जुलूम करणाऱ्यांनीच टिपलेल्या आहेत. मग बळींचा इतिहास शोधायचा कुठे? कंबोडियाचे चित्रपट-दिग्दर्शक रिथी पान्ह यांचे सारे काम याच प्रश्नाभोवती फिरते. #थ्रेड

२/ १७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूजने नॉम पेन्ह घेतले. सुमारे २० लाख माणसांना शहराबाहेर काढून शेतांवर आणि कालव्यांवर राबवले गेले. जानेवारी १९७९ पर्यंत उपासमार, रोगराई आणि कत्तली यांत १५ ते २० लाख लोक दगावले. पान्ह तेव्हा पोरवयात होते. त्यांच्या वडिलांनी माणसाला न शोभणारे अन्न नाकारले आणि मृत्यू पत्करला.

३/ राजवटीच्या प्रचारपटांत काळ्या वेषातील माणसे रांगेने माती वाहताना दिसतात. चित्रण अस्सल आहे. पण भूक आणि हत्या त्या चौकटीबाहेर ठेवलेल्या आहेत.

४/ 'एस-२१' (२००३) या माहितीपटात पान्ह तुओल स्लेंगच्या तुरुंगात गेले. मुळात ही शाळेची इमारत. त्यांनी जुन्या पहारेकऱ्यांपुढे कैद्यांची छायाचित्रे आणि नोंदवह्या ठेवल्या. तिथून वाचलेले चित्रकार वान नाथ त्यांना समोरासमोर जाब विचारतात.

५/ त्यातला एक प्रसंग विसरता येत नाही. एक पहारेकरी रिकाम्या खोलीत आपली जुनी पाळी पुन्हा करून दाखवतो. कुलपे तपासतो, नसलेल्या कैद्यांवर खेकसतो. तो आत जातो, कॅमेरा मात्र बाहेरच थांबतो. आत गेला असता, तर तो जमिनीवर पडलेल्या कैद्यांना तुडवत गेला असता, ही पान्ह यांची भावना. हा अभिनय म्हणावा की जबानी?

६/ 'द मिसिंग पिक्चर' (२०१३) मध्ये ते स्वतःच्या आठवणींकडे वळतात. त्या वर्षांतील कुटुंबाचे चित्रण कुठेच नाही. म्हणून मातीच्या बाहुल्या घडवल्या. पांढऱ्या पोशाखातील वडीलही मातीचेच. बाहुल्या हलत नाहीत. कॅमेराच त्यांच्यामधून हिंडतो. काही ठिकाणी त्या थेट प्रचारपटाच्या दृश्यांत उभ्या केल्या आहेत. या चित्रपटाला कान महोत्सवात 'अं सर्तेन रगार' विभागाचे सर्वोच्च पारितोषिक लाभले.

७/ इतिहासाच्या अभ्यासकाला इथे कल्पिताची धास्ती वाटणे स्वाभाविक आहे. परंतु मातीची बाहुली अस्सल दस्तऐवज असल्याचा आव आणत नाही. पुरावा कुठे संपतो आणि आठवण कुठे सुरू होते, ते प्रेक्षकाला स्वच्छ दिसते. प्रचारपट नेमकी हीच सीमा पुसतो. आणि स्मृतीलाही पान्ह मोकळे सोडत नाहीत : 'एस-२१' मध्ये प्रत्येक जबानीसमोर नोंदवही उघडी असते.

८/ २००६ मध्ये त्यांच्या पुढाकाराने नॉम पेन्हमध्ये 'बोफाना' हे दृक्-श्राव्य अभिलेखागार उभे राहिले. एस-२१ मध्ये मारल्या गेलेल्या एका तरुणीचे हे नाव. तिने पतीला लिहिलेली प्रेमपत्रे तुरुंगाच्या कागदपत्रांत गुन्ह्याचा पुरावा म्हणून जपली गेली होती. आज तेच नाव घेतलेल्या दालनात कंबोडियाची तरुण पिढी आपल्या देशाच्या जुन्या चित्रफिती विनामूल्य पाहते.