शब्दवेध : वार्तिक

‘टीका’ आणि ‘भाष्य’ रोजच्या मराठीत रुळले. ‘वार्तिक’ मात्र पंडितांपुरतं उरलं. सूत्राचं विवरण म्हणजे ‘वृत्ती’, त्यावरून ‘वार्तिक’. परंपरेनुसार वार्तिककाराने तीन गोष्टी तपासायच्या: मूळ ग्रंथात सांगितलेलं, सांगायचं राहिलेलं आणि चुकीचं सांगितलेलं. हा तिसरा अधिकार मला फार मोलाचा वाटतो.

पाणिनीच्या सूत्रांवरची कात्यायनाची वार्तिकं पाहा. ज्या सूत्राने इंद्राची इंद्राणी होते, त्याच सूत्राने यवनापासून ‘यवनानी’. म्हणजे यवनाची बायको? कात्यायन सांगतो, नाही, यवनांची लिपी. एका छोट्या वार्तिकाने शब्दाचा अर्थच पालटला.

मीमांसेत कुमारिलभट्टांचं ‘श्लोकवार्तिक’ आहेच. मूळ ग्रंथाचा मान राखून त्याला दुरुस्त करणाऱ्या आजच्या लेखनालाही आपण सरसकट ‘समीक्षा’ म्हणतो. तिथे ‘वार्तिक’ म्हणावं.