सुप्याचीं खतें व एका चित्रपटकाराची कारकीर्द

सुपें हें गांव पूर्वी भीमथडी तालुक्यांत मोडे. आतां तें बारामती तालुक्यांत आहे. १८७५ च्या मे महिन्याच्या १२ व्या तारखेस येथें आसपासचे कुणबी जमले व सावकारांच्या घरांतील खतें व वह्या बाहेर काढून त्यांनीं त्यांची होळी केली. दंग्याची लाट पुढें इंदापूर, शिरूरपर्यंत गेली. रोख माणसावर नव्हता, कागदावर होता; सावकारानें कागद मुकाट्यानें दिले, कीं बहुधा तेवढ्यावरच भागे.

इतिहासकार कारणें देतात. अमेरिकेंतील यादवी १८६५ त संपून कापसाचा भाव उतरला. १८६७ त इंदापुरास तीस वर्षांची मुदत भरून साऱ्याची नवी आकारणी झाली. हीं कारणें खरींच. तथापि मला वाटतें, संतापाचें मूळ याहून साधें होतें. शेत कुणब्याचें, कर्ज कुणब्याचें, खालीं निशाणी नांगराची; लेख मात्र सावकाराचा! १८७९ च्या कायद्यानें हें वर्म ओळखलें. खत गांवच्या रजिस्ट्रारासमोर लिहिलें जावें असें ठरलें, आणि खताच्या पाठीमागें जाऊन मूळ हिशेब तपासण्याचा अधिकार न्यायाधीशास मिळाला.

आनंद पटवर्धन यांच्या अनुबोधपटांचा विचार करितांना मला हें कलम आठवतें. त्यांचा सुप्याशीं प्रत्यक्ष संबंध नाहीं. ते १९५० त मुंबईस जन्मले, आणि बिहारमधील आंदोलनावरील पहिल्या प्रयत्नापासून नर्मदेच्या विस्थापितांपर्यंत त्यांचा विषय मात्र हाच राहिला: ज्याच्या हातीं लेखणी नाहीं, त्याची नोंद कोणीं ठेवावी?

११ जुलै १९९७ रोजीं घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरांत डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेनें लोक जमले असतां पोलिसांनीं गोळीबार केला. १० माणसें मेलीं. जमाव टँकर पेटविणार होता, हें पोलिसांचें समर्थन. 'जयभीम कॉम्रेड' (२०११) या चित्रपटांत पटवर्धनांनीं तें समर्थन जागेवर जाऊन पारखलें आहे. टँकर कोठें होते आणि माणसें कोठें पडलीं, हें दाखविलें आहे. त्या गोळीबारानंतर थोड्याच दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनीं आत्महत्या केली, आणि चित्रपटास १४ वर्षें लागलीं. तो तीन तासांपर्यंत लांबला आहे. मला तो मध्यें सैल वाटला. पटवर्धनांचीं सर्व मतें मला पटतात असेंही नाहीं.

परंतु घोगरे ज्यांत गायिले, तो 'हमारा शहर' (१९८५) मीं अनेकदां पाहिला आहे. मुंबईंत झोपड्या पाडल्या जात असतां एक बाई चित्रपटकारासच खडसावते, कीं गरिबांचीं चित्रें घेऊन तुम्ही नांव मिळविणार, आमचें काय? हिशेब येथें त्याच्याकडेच मागितला जात आहे. हा भाग कापून टाकणें त्याच्याच हातीं होतें. त्यानें तो ठेविला आहे, आणि त्याला उत्तर मात्र दिलेलें नाहीं.