उंदीर, बेडकी आणि कागदाची पट्टी

न्हावा-शेवा परिसरातल्या आशाताईंकडे आज गर्भचाचणीची पट्टी असते. लघवीचे दोन-चार थेंब, पाच मिनिटे, की उत्तर. १९२७-२८ साली बर्लिनमध्ये आशहाइम आणि झोंडेक याच उत्तरासाठी लघवी कोवळ्या उंदरिणींना टोचत व काही दिवसांनी त्यांना मारून अंडाशये तपासत. पुढे हॉगबेन यांच्या कामातून आफ्रिकी बेडकीची चाचणी आली (लाखो वाचकांना गणित सोपे करून सांगणारे हॉगबेन ते हेच). तिने बारा-एक तासांत अंडी घातली, की दिवस गेले म्हणायचे. बेडकी जिवंत राही. १९६० मध्ये स्वीडनच्या वाइड व गेमझेल यांनी प्रतिपिंडांची चाचणी काढली आणि बेडकीचीही गरज हळूहळू संपली.

साधने बदलली, शोधायचे तेच राहिले : एचसीजी हे संप्रेरक. गर्भ गर्भाशयाच्या अस्तरात रुजल्यावरच ते लघवीत पुरेसे उतरते, आणि बीजांड सुटल्यापासून रुजायला साधारण ६ ते १२ दिवस लागतात. त्याआधीचे ‘नाही’ आम्ही उत्तरच मानत नाही. त्यावर विसंबून बाई गर्भाला अपायकारक औषधे घेत राहते, किंवा निर्णयाचे मोलाचे आठवडे हातचे जातात. पाळी चुकल्यावर, सकाळच्या पहिल्या लघवीवर चाचणी करावी. ‘नाही’ आले आणि पाळीही आली नाही, तर आठवड्याने पुन्हा.