सीमाभागातील वाहनचोरी : स्वरूप, नुकसान आणि प्रतिबंध

बेळगाव ते निपाणी हे अंतर राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ४८ वरून सुमारे ७५ किलोमीटर आहे. निपाणी ओलांडली की कोगनोळीचा टोलनाका लागतो आणि थोड्याच वेळात वाहन कागल तालुक्यात, म्हणजे महाराष्ट्रात शिरते. बेळगावातून पश्चिमेला हिंडलगा, तुरमुरी, बाचीमार्गे निघालेला दुचाकीस्वार अर्ध्या तासाच्या आत चंदगड तालुक्यातील शिनोळीला पोहोचतो. खानापूर तालुक्यातून जाणारे रस्ते चोर्ला आणि अनमोड या दोन घाटांनी गोव्यात उतरतात. सीमाभागातील माणसासाठी हे रोजचे रस्ते आहेत. नोकरी, बाजार, दवाखाना, सोयरीक या सगळ्यासाठी तो दिवसातून दोनदाही सीमा ओलांडतो. वाहनचोरालाही हेच रस्ते उपलब्ध असतात. चोरीला गेलेले वाहन तासाभरात दुसऱ्या राज्यात जाते, मात्र त्या वाहनाची फिर्याद, परिवहन खात्यातील नोंद आणि विम्याची कागदपत्रे मागेच राहतात. सीमाभागातील वाहनचोरीचा प्रश्न समजून घ्यायचा तर वाहनाच्या आणि कागदाच्या वेगातील हा फरक आधी लक्षात घ्यावा लागतो.

चोरीचे स्वरूप

राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकडेवारीनुसार देशात दरवर्षी दोन लाखांहून अधिक मोटार वाहने चोरीला जातात. त्यात दुचाकींचा वाटा सर्वांत मोठा आहे, आणि त्याची कारणे साधी आहेत. दुचाकी उघड्यावर उभी असते, हलकी असते, आणि जुन्या दुचाकीचे कुलूप झिजलेले असल्यास त्याला दुसरीच झिजलेली किल्ली लागू शकते. चोरीच्या जागाही ठरलेल्या असतात. बसस्थानकाबाहेरची मोकळी जागा, सरकारी रुग्णालयाचे आवार, बाजारपेठेतील गल्ल्या, मंगल कार्यालये, यात्रांचे मैदान आणि रात्रीच्या वेळी घरासमोरचा रस्ता या त्यातल्या नेहमीच्या. बसस्थानकाबाहेर सकाळी दुचाकी लावून नोकरदार दुसऱ्या गावी जातो आणि संध्याकाळी परततो. चोरी दहा वाजता झाली असेल तर ती कळायला सहा वाजतात. तोवर दुचाकी सीमेपलीकडे गेलेली असते.

चारचाकी आणि दुचाकी यांच्यात आणखी एक महत्त्वाचा फरक आहे. फेब्रुवारी २०२१ पासून चारचाकी वाहनांना फास्टॅग सक्तीचा आहे. हत्तरगी, कोगनोळी किंवा खानापूर मार्गावरील गणेबैल येथील टोलनाक्यावरून मोटार गेली की तिची वेळेसह नोंद होते आणि मालकाच्या मोबाईलवर संदेश येतो. दुचाकीला टोल नाही, फास्टॅगही नाही. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर लागू झाल्यानंतर राज्यांच्या सीमेवरील विक्रीकर नाकेही बंद झाले. त्यामुळे निपाणीहून बोरगावमार्गे इचलकरंजीकडे, संकेश्वरहून गडहिंग्लजकडे किंवा कागवाडहून मिरजेकडे जाणाऱ्या दुचाकीची सीमेवर कोठेही आपोआप नोंद होत नाही. कॅमेरा किंवा नाकाबंदी असेल, तरच ती दिसते.

ग्रामीण भागात ऊस हंगामात ट्रॅक्टरच्या ट्रॉल्या चोरीला जाण्याचा धोका वाढतो. साखर कारखान्यांच्या परिसरात शेकडो ट्रॉल्या उभ्या असतात. त्या एकसारख्या दिसतात आणि अनेकांवर क्रमांकही नीट रंगवलेला नसतो. अशी ट्रॉली रंग बदलून पुढच्या तालुक्यात वापरली, तर ओळखणे अवघड जाते.

चोरीचे वाहन जाते कोठे?

चोरीच्या दुचाकीला तीन वाटा असतात. काही दुचाकी मौजेसाठी किंवा दुसऱ्या गुन्ह्यासाठी वापरून सोडून दिल्या जातात. काहींचे सुटे भाग होतात. इंजिन, चाके, सायलेन्सर वेगळे करून विकले की मूळ वाहन उरतच नाही. तिसरी वाट सीमाभागात विशेष महत्त्वाची आहे. वाहन जसेच्या तसे शेजारच्या राज्यातील खेड्यात अल्प किमतीत विकले जाते. ‘फायनान्सने ओढून आणलेली गाडी आहे, कागद नंतर मिळतील’ हे अशा व्यवहारातले नेहमीचे कारण. शेतावर जाण्यायेण्यापुरती गाडी हवी असलेल्या माणसाला कागदांची निकड वाटत नाही, आणि केए-२२ किंवा केए-२३ क्रमांकाची गाडी चंदगड-गडहिंग्लजच्या गावात, किंवा एमएच-०९ क्रमांकाची गाडी चिक्कोडी-निपाणी परिसरात कोणाच्या डोळ्यांत भरत नाही. इतर जिल्ह्यांत परराज्याचा क्रमांक लोकांच्या लक्षात येतो. येथे तो रोज दिसतो. चोराला याचा सर्वांत मोठा फायदा होतो.

म्हणूनच कुलूप तोडणाऱ्याइतकाच कागदांशिवाय खरेदी करणारा या साखळीचा भाग आहे. विकत घेणारा नसेल, तर चोरीच्या दुचाकीची किंमत भंगाराइतकीच उरते.

नुकसान नेमके किती?

वाहन चोरीला गेल्यावर मालक प्रथम विम्याकडे पाहतो, आणि अनेकांना खरा धक्का तेथेच बसतो. कायद्याने सक्तीचा असलेला तृतीय पक्ष विमा फक्त दुसऱ्याच्या नुकसानीसाठी असतो. त्यात चोरीची भरपाई नाही. सप्टेंबर २०१८ पासून नव्या दुचाकीला पाच वर्षांचा आणि नव्या मोटारीला तीन वर्षांचा तृतीय पक्ष विमा एकदमच घ्यावा लागतो. मात्र त्यासोबत मिळणारे स्वतःच्या वाहनाचे विमा संरक्षण बहुधा पहिल्या वर्षापुरतेच असते. ‘पाच वर्षांचा विमा आहे’ या समजुतीत मालक दुसऱ्या वर्षी ते नूतनीकरण करत नाही आणि तिसऱ्या वर्षी गाडी चोरीला गेली की हाती काहीच येत नाही. स्वतःच्या वाहनाचे संरक्षण वेगळे घेण्याची सोय सप्टेंबर २०१९ पासून उपलब्ध आहे.

संरक्षण असले तरी भरपाई नव्या वाहनाच्या किमतीइतकी नसते. ती विमापत्रात घोषित केलेल्या मूल्याइतकी असते आणि हे मूल्य वयानुसार घटते. सहा महिने ते एक वर्षाच्या वाहनाला १५ टक्के, दोन वर्षांपर्यंत २०, तीन वर्षांपर्यंत ३०, चार वर्षांपर्यंत ४० आणि पाच वर्षांपर्यंत ५० टक्के घसारा धरला जातो. समजा, ९० हजार रुपयांची दुचाकी अडीच वर्षांनी चोरीला गेली, तर तिचे घोषित मूल्य सुमारे ६३ हजार रुपये येते. कर्ज शिल्लक असल्यास त्यातून आधी वित्तसंस्थेची रक्कम वळती होते. दाव्याचा निकाल लागेपर्यंत मासिक हप्ते थांबत नाहीत. रोज दुचाकीवरून कामावर जाणारा गवंडी, दूध घालणारा शेतकरी किंवा फेरीवाला यांच्या बाबतीत बुडालेल्या रोजगाराची भरपाई कोणत्याच विम्यात नसते.

कायदा काय सांगतो?

१ जुलै २०२४ पासून भारतीय दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता लागू झाली. तिच्या कलम ३०३ नुसार चोरीला तीन वर्षांपर्यंत कारावास आहे. दुसऱ्यांदा दोषी ठरल्यास ही शिक्षा किमान एक आणि कमाल पाच वर्षे सक्तमजुरी अशी होते. माल किंवा प्रवासी वाहतुकीसाठी वापरल्या जाणाऱ्या वाहनाची चोरी कलम ३०५ मध्ये येते आणि तिला सात वर्षांपर्यंत कारावास आहे. संघटित गुन्हेगारीच्या कलम १११ मध्ये वाहनचोरीचा नावानिशी उल्लेख आहे.

खरेदीदारांनी कलम ३१७ अवश्य लक्षात ठेवावे. माल चोरीचा आहे हे ठाऊक असताना, किंवा तसे मानण्यास कारण असताना, तो घेणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कारावास होऊ शकतो. असा व्यवहार धंदा म्हणून करणाऱ्याला दहा वर्षांपर्यंत किंवा जन्मठेपेची तरतूद आहे. शिक्षा टळली तरी पैसे बुडतातच, कारण चोराकडे मालकी नसते आणि जी त्याच्याकडे नाही ती तो दुसऱ्याला देऊ शकत नाही. वाहन मूळ मालकाकडे जाते.

भाड्याने घेतलेले वाहन परत न करण्याचा प्रकार याहून वेगळा आहे. मालकाने स्वतःहून ताबा दिलेला असल्याने असे प्रकरण सहसा चोरी न ठरता विश्वासघाताच्या कलमाखाली येते. पर्यटकांना दुचाकी व मोटारी भाड्याने देणाऱ्या गोव्यातील व्यावसायिकांनी फिर्याद देताना हा फरक ध्यानात घ्यावा. विमापत्रातील अटींवरही त्याचा परिणाम होतो.

चोरी झाल्यास तातडीने काय करावे?

प्रथम ११२ या क्रमांकावर कळवावे. कर्नाटक, महाराष्ट्र आणि गोवा या तिन्ही राज्यांत हा क्रमांक चालतो. क्रमांक, रंग आणि एखादी ठळक खूण लगेच सांगता आल्यास नाकाबंदीचा उपयोग होतो. त्यानंतर त्याच दिवशी फिर्याद द्यावी. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ नुसार गुन्हा कोणत्याही हद्दीत घडलेला असला तरी जवळच्या पोलीस ठाण्यात माहिती देता येते. त्यामुळे कागलमध्ये चोरी झाली म्हणून निपाणीत किंवा निपाणीत झाली म्हणून कागलमध्ये फिर्याद नाकारता येत नाही. इलेक्ट्रॉनिक मार्गाने माहिती दिल्यास तीन दिवसांत सही करावी लागते. नोंदवलेली माहिती फिर्यादीला वाचून दाखवणे आणि तिची प्रत विनामूल्य देणे बंधनकारक आहे. सीमाभागात फिर्याद कन्नडमध्ये लिहिली गेली, तर मराठी भाषक फिर्यादीने ती वाचून व समजावून घेतल्याशिवाय सही करू नये. वाहन क्रमांक, चासी क्रमांक, इंजिन क्रमांक, चोरीची जागा आणि वेळ या पाच गोष्टी तपासाव्यात. एका अंकाची चूकही पुढे दावा अडवू शकते.

विमा कंपनीला आणि परिवहन कार्यालयालाही लेखी कळवावे. विमा कंपनीला कळवण्यास विलंब झाला, पण पोलिसांत फिर्याद तत्काळ दिलेली होती, तर केवळ त्या विलंबासाठी दावा फेटाळता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने गुरशिंदर सिंग प्रकरणात जानेवारी २०२० मध्ये स्पष्ट केले आहे. पोलिसांकडील विलंबाला मात्र अशी सवलत गृहीत धरू नये. दाव्यासाठी साधारणपणे दोन्ही मूळ किल्ल्या, नोंदणी प्रमाणपत्र आणि वाहन सापडत नसल्याचा पोलिसांचा अंतिम अहवाल लागतो. कर्नाटकात त्याला ‘सी रिपोर्ट’, तर महाराष्ट्रात ‘अ समरी’ म्हणतात.

वाहन सापडल्यास ते खटला संपेपर्यंत पोलीस ठाण्याच्या आवारात गंजत ठेवण्याचे कारण नाही. सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच तसे बजावले आहे. मालकाने न्यायालयात अर्ज करावा. छायाचित्रे व पंचनामा करून आणि हमीपत्र घेऊन वाहन त्याच्या ताब्यात देता येते.

जुने वाहन घेताना

परराज्यातील नोंदणीचे वाहन घेताना मूळ परिवहन कार्यालयाचे ना-हरकत प्रमाणपत्र हा सर्वांत भक्कम पुरावा असतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम ४८ नुसार हे प्रमाणपत्र देण्यापूर्वी त्या वाहनाच्या चोरीचा गुन्हा नोंद नसल्याचा पोलिसांचा अहवाल घ्यावा लागतो. ‘ना-हरकत नंतर देतो’ असे सांगणाऱ्याला पैसेही नंतरच द्यावेत. त्याआधी एम-परिवहन ॲपवर क्रमांक टाकून वाहनाचा प्रकार व विम्याची मुदत पाहता येते. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या वाहन समन्वय सेवेत वाहन चोरीचे आहे काय, हेही नागरिकांना तपासता येते. चासीवरील सतरा अक्षर-अंकांचा क्रमांक नोंदणी प्रमाणपत्राशी ताडून पाहावा. तो घासलेला किंवा पुन्हा ठोकलेला दिसल्यास व्यवहार तेथेच थांबवावा.

एप्रिल २०१९ नंतरच्या वाहनांना उच्च सुरक्षा नंबरप्लेट असते. तिच्यावर अशोकचक्राचा होलोग्राम आणि लेझरने कोरलेला कायमचा क्रमांक असतो, आणि ती न तोडता काढता येत नाही. त्याआधीच्या वाहनांनाही आता ती बंधनकारक आहे. नव्या गाडीला साधी प्लेट दिसली, तर विचारणा करावी.

प्रतिबंधाचे उपाय

दुचाकीसाठी हँडल लॉकवर विसंबून राहू नये. पुढच्या चाकाला डिस्क लॉक आणि शक्य असल्यास खांबाला साखळी, असे दोन अडथळे असावेत. झिजलेला कुलूप-किल्ली संच बदलण्याचा खर्च वाहनाच्या किमतीपुढे नगण्य आहे. दिवसभर गाडी ठेवायची असल्यास पावती देणारा वाहनतळ निवडावा आणि पावती गाडीत ठेवू नये. मूळ नोंदणी प्रमाणपत्रही डिकीत ठेवू नये, डिजिलॉकरमधील प्रत ग्राह्य धरली जाते. किल्ली गाडीला तशीच ठेवून उतरणे सर्वांत महागात पडते, कारण विमा कंपनी त्याला निष्काळजीपणा ठरवून भरपाई नाकारू किंवा कमी करू शकते. लपवून बसवलेले जीपीएस यंत्र वाहन सीमेपलीकडे गेल्यावरही ठावठिकाणा सांगते. ट्रॉलीच्या सांगाड्यावर दोन-तीन ठिकाणी मालकाची खूण वेल्डिंगने उमटवून तिची छायाचित्रे जपून ठेवावीत.

गावपातळीवरचा उपाय त्याहून सोपा आहे. कागद नसलेली स्वस्त गाडी गावात विकायला आली, तर ती कोणीही घेऊ नये आणि पोलीस पाटील किंवा जवळच्या ठाण्याला कळवावे. सीमेवरच्या प्रत्येक पाणंदीवर नाका बसवणे कोणत्याही राज्याला शक्य नाही. मात्र दोन्ही बाजूंच्या गावांत कागदांशिवाय गाडीला गिऱ्हाईक मिळेनासे झाले, तर सीमा ओलांडण्यातला चोराचा फायदाच संपतो.