मार्गारेट कझिन्स : शिक्षिका ते दंडाधिकारी

आयर्लंडमध्ये १८७८ साली जन्मलेल्या मार्गारेट कझिन्स यांनी तेथील स्त्री-मताधिकार चळवळीत कारावास भोगला होता. १९१५ मध्ये त्या पती जेम्स यांच्यासह मद्रास इलाख्यात आल्या आणि मदनपल्ले येथे अध्यापन करू लागल्या. १९१७ मध्ये मद्रासमधील (आजचे चेन्नई) अड्यार येथे स्थापन झालेल्या ‘विमेन्स इंडियन असोसिएशन’च्या त्या एक संस्थापक होत्या. त्याच वर्षी सरोजिनी नायडू यांच्या नेतृत्वाखालील शिष्टमंडळाने भारतमंत्री माँटेग्यू यांच्याकडे स्त्रियांसाठी मताधिकाराची मागणी केली. यामागे कझिन्स यांचा पुढाकार होता. १९२१ मध्ये मद्रास प्रांताने पुरुषांना लागू असलेल्या अटींवरच स्त्रियांना मतदानाचा हक्क दिला. पुढील वर्षी कझिन्स यांची दंडाधिकारी म्हणून नियुक्ती झाली. त्या भारतातील पहिल्या महिला दंडाधिकारी मानल्या जातात. १९२७ मध्ये पुणे येथे भरलेल्या अखिल भारतीय महिला परिषदेच्या पहिल्या अधिवेशनामागेही त्यांचीच प्रेरणा होती.

न्यायासनावर बसलेल्या कझिन्स यांना १९३२ मध्ये आरोपी म्हणून न्यायालयात उभे राहावे लागले. सरकारच्या वटहुकमांविरुद्ध मद्रासमध्ये भाषण केल्याबद्दल त्यांची रवानगी वेल्लोरच्या तुरुंगात झाली. १९३६ मध्ये त्या महिला परिषदेच्या अध्यक्षा झाल्या. १९५४ मध्ये त्यांचे भारतातच निधन झाले.